नाव घालून मिळेल

मारुती रोडला भांड्यांच्या दुकानाबाहेर
स्टुलावर बसतो मी, मांडीवर मशीन.
पाटीवर एवढंच: नाव घालून मिळेल.
अक्षराला दोन रुपये, जोडाक्षराचेही दोनच.
काना, मात्रा, वेलांटी फुकट.

माझं नाव धोंडीराम.
आधीची दोन गेली, म्हणून आईनं
हौसेनं नाही, भीतीनं ठेवलं.
दगडाला कोण नेतंय, म्हणायची.
यम आलाच तर त्याला वाटावं,
इथं काही नाही,
उंबऱ्याशी एक धोंडा पडलाय.
शाळेत पोरं धोंड्या म्हणून हाक मारायची
आणि मी खरंच जड होत जायचो
बाकावर.

एकदा अथणीचा एक म्हातारा आला,
खांद्यावर नवीकोरी घागर.
त्याचं कानडी मला निम्मं कळलं,
उरलेलं हातवाऱ्यांत.
घाला, म्हणाला, कल्लाप्पा.
कल्लाप्पा म्हणजे?
त्यानं रस्त्यावरचा खडा उचलून
घागरीवर वाजवला. टण्ण.
कल्लु.
मी छातीवर हात ठेवून म्हटलं, धोंडीराम,
आणि तोच खडा त्याच्या हातातून घेतला.
तो हसला नाही.
तीन बोटं उभी केली
आणि एकेक करून मिटली.

बाजूला पेत्रस आवळे उभे होते,
मिरजेच्या मिशन हॉस्पिटलात कंपाउंडर होते पूर्वी,
जावयाचा डबा घेऊन आलेले.
म्हणाले, मग मलाही धरा यात.
पेत्रस म्हणजे खडक. भाषा ग्रीक.
त्याआधी केफा होतं, तीही वेगळीच भाषा.
तुमच्याही आधीची गेली काय, मी विचारलं.
नाही, म्हणाले, आमचा खडक तसला नाही.
आमच्यावर काहीतरी बांधायचं होतं म्हणे.
मी पंचेचाळीस वर्षं
औषधाच्या पुड्या बांधल्या.

चहा आला. तीन दगड, तीन कप.
चूल मांडायला एवढे पुरतात.

परवा एक पोरगी आली, चांदीची वाटी घेऊन.
क्रिवांश, म्हणाली, क्रला ऱ्हस्व.
म्हणजे काय हो?
तिनं मोबाईल बघितला, पुन्हा बघितला,
मग म्हणाली, गोड वाटलं, म्हणून.
मी मान खाली घालून मशीन लावलं.
चांगलंय.
हे नाव ठेवताना
घरात कोणी घाबरलेलं नव्हतं.

त्या ऑगस्टात कृष्णा रोडवर आली,
दुकानाच्या शटरवर अजून तिची रेघ आहे.
पाणी उतरल्यावर गाळात भांडीच भांडी,
कुणाचं पातेलं कुणाच्या जिन्यात,
कुणाची कळशी देवळाच्या कट्ट्यावर.
लोक पोत्यात भरून माझ्याकडे आणायचे,
अंगठ्यानं चिखल पुसायचे:
बघा, वाचता येतंय का.
वाचायला कशाला लागतंय.
माझा ल जरा डावीकडं कलतो.
टिंबाटिंबांनी काढलेलं, माझंच अक्षर.
हे खणभागातलं. हे हरिपूरच्या मास्तरांचं.
हे लग्नात आलेलं, मामाकडून,
बाई आता पुण्याला असते.
नाव पुढं, भांडं मागं,
असं करत बरंच काही घरी गेलं.

एक परात राहिली.
गुंडव्वा. आडनाव नाही, गाव नाही,
सप्रेम भेट नाही.
समोरच्या फुलवालीला विचारलं.
गुंडु म्हणजे वाटायचा गोल दगड, ती म्हणाली,
आणि गजऱ्याची गाठ मारत राहिली.

आई म्हणायची, दगडाला कोण नेतंय.
पाणी नेतं, आई.

परात मी घासून स्टुलाखाली ठेवलीय.
अक्षर माझंच आहे, पैसे घेतले असणार,
गुंडव्वाचे, ण्डला व्वाला वेगळे न लावता.
चेहरा आठवत नाही.
कानडी बोलणारी कोणी बाई भाव विचारायला थांबली
की पायानं परात थोडी पुढं सरकवतो,
नाव वर येईल अशी.